अंगणातली माफी

तिराना, १६ मार्च २०१७

ति. रेशातदादास,
सानियेचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. कान अगदीच गेले म्हणतोस, वाचून वाईट वाटलं आणि थोडं हसूही आलं. लहानपणीही मी हाक मारली की तुला ऐकू येत नसे, तेव्हा कुठे तू कर्कश करवतीने संगमरवर कापत होतास? कानात यंत्र घालत जा. लुइजावहिनींवर ओरडून बोलायची पाळी आणू नकोस. फोन बंद झाला ते एका अर्थी बरंच झालं. पत्रात तू निदान मध्येच तोडत नाहीस.

परवा उन्हाळ्याचा सण झाला. मक्याच्या पिठाचे बालोकुमे भाजले, पण लोणी जास्त झालं आणि सगळे ताटभर पसरले. वाल्बोनाने तसेच खाल्ले. ती खुशीत होती, कारण तिला नोकरी लागली. तुझी भाची आता परदेशी पाहुण्यांना शहर दाखवते. तासाभराची पायी फेरी असते. चौकातल्या घोडेस्वाराच्या पुतळ्यापासून निघायचं, घड्याळाचा मनोरा, मशिदीतली रंगवलेली झाडं, बंकर, आणि शेवटी कुठेतरी कॉफी. इतिहासात एम. ए. करून हे काम, असं मी म्हणाले, तर म्हणते, आई, इथे इतिहास शिकलेल्याला एक तर हे काम, नाहीतर जर्मनीत म्हाताऱ्यांची सेवा, तूच सांग कुठलं करू.

पाऊस सरला की एकदा माझ्याबरोबर चल म्हणते. शेवटचा मुक्काम कुठला ते सांगत नाही. तुला बघून बरं वाटेल, एवढंच म्हणते आणि हसते. ज्या गावातून आपल्याला ट्रकमध्ये घालून हाकललं, त्याच गावात मी आता पाहुण्यांसारखी टोपी घालून फिरणार. आहे की नाही गंमत?

वहिनींना नमस्कार. माझ्यावरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी
सानिये


करारा, २ एप्रिल

चि. सानियेस,
अनेक आशीर्वाद.

जरूर जा. पण ते निळे बूट घालू नकोस, परवा फोटोत दिसले, त्यांचे तळ गेलेत. पोरीला म्हणावं, मामाने शाबासकी दिली आहे.

फक्त आपल्या गल्लीत जाऊ नकोस. तू दूध आणायलाही तिकडून न जाता लांबून वळसा घालतेस, ते योग्यच आहे. घराचा खटला वकिलांनी खाल्ला, त्याचं आता काही होणं नाही. चेमालच्या मुलाने, गेझिमने, तिथे कॉफीचं दुकान काढलंय असं इथे कामाला आलेल्या एकाने सांगितलं. शेजारी म्हणून रोज आपल्या ओट्यावर बसणारा माणूस कोर्टात उभं राहून बाबांविरुद्ध साक्ष देतो, त्यांच्यामागे आपल्याच घरात राहायला येतो, आणि आता त्याचा मुलगा तिथे पाहुण्यांना कॉफी पाजतो. ऐकून मी दोन दिवस जेवलो नाही. लुइजाला वाटलं पोट बिघडलं.

चेमालचं नाव तू वाल्बोनाला सांगितलंयस का? आई मरेपर्यंत ते नाव उच्चारत नव्हती, कुणीतरी म्हणायची. तूही तेच करतेस. पोरगी आता तिशीला आली. सांगून टाक.

तब्येत सांभाळ आणि या बहिऱ्याला विसरू नकोस.

तुझा
रेशात


तिराना, १६ एप्रिल

ति. दादास,
सानियेचा सा. न. वि. वि.

काल फेरीला गेले. अक्षर लागलं नाही तर सावकाश वाच.

सुरुवात फार छान झाली. जर्मन, डच, एक जपानी जोडपं असा घोळका होता. वाल्बोना पुढे उलटी चालत बोलत होती, आणि सगळे तिच्या तोंडाकडे बघत होते. मला इंग्रजी कळत नाही म्हणून मधूनमधून ती माझ्यासाठी आपल्या भाषेत सांगायची. मशिदीत त्या जपानी बाईने माझा हात धरून पायऱ्या उतरवल्या. मला वाटलं, आपण उगाच इतकी वर्षं या गावावर रुसून राहिलो.

मग ती बाजाराच्या मागे, थेट आपल्या गल्लीत वळली. मी म्हटलं, कुठे नेतेस. ती म्हणाली, चल तर. फाटक उघडं होतं. आत डाळिंबाखाली टेबलं मांडलेली, आणि जिथे आई कपडे वाळत घालायची तिथे रंगीत दिवे टांगलेले. भिंतीवर काचेच्या पेटीत बाबांची क्लॅरिनेट. दादा, तीच, खालची कडी मोडून तारेने बांधलेली.

वाल्बोनाने सगळ्यांना गोल उभं केलं. आधी त्यांना सांगितलं, मग मला आपल्या भाषेत. इथे एक वादक राहत होता, माझे आजोबा. कम्युनिस्ट राजवटीत एका लग्नात त्यांनी बंदी असलेलं इटालियन गाणं वाजवलं म्हणून त्यांना पकडून कैद्यांच्या खाणीत धाडलं आणि ते तिथेच वारले. पण त्यांचा एक जिवलग मित्र होता. त्याने स्वतःचा जीव धोक्यात घालून हे घर राखलं, वाद्य लपवून ठेवलं. त्या मित्राचं नाव चेमाल, आणि हा त्यांचा मुलगा गेझिम. गेझिम छातीवर हात ठेवून वाकला. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

माझ्या तोंडून काय काय गेलं ते नीटसं आठवत नाही. चेमालनेच साक्ष दिली, लग्नात तोच शेजारी बसून टाळ्या वाजवत होता आणि त्यानेच बाबांना आत घातलं, असं मी ओरडून म्हणाले. खोटारडे म्हणाले. गेझिमचा चेहरा पांढरा पडला. एका डच माणसाने माझ्याकडे बोट करून वाल्बोनाला विचारलं, बहुधा, आजी काय म्हणतात. ती माझ्याकडे बघत राहिली. मग इंग्रजीत हळूच काहीतरी बोलली, आणि दादा, लोकांनी पुन्हा टाळ्या वाजवल्या. मला. जपानी बाईने डोळे पुसले आणि माझा फोटो काढला.

घरी येताना मी तिला विचारलं, काय सांगितलंस. म्हणाली, सांगितलं की आईला भरून आलंय, ती तुमचे आभार मानते.

कालपासून मी स्वयंपाक करते, तिचं ताट ठेवते, आत जाते. मन मोकळं करायला आता तूच आहेस.

तुझी
सानिये


तिराना, १८ एप्रिल

ति. मामास,
वाल्बोनाचा शि. सा. न. वि. वि.

आईने तुम्हाला लिहिलं असणारच. आता माझी बाजू ऐका, मग काय शिव्या द्यायच्या त्या द्या.

मला ते नाव कुणीही कधीही सांगितलं नाही. आजी कुणीतरी म्हणायची, आई कुणीतरी म्हणते. त्या कुणीतरीच्या भीतीने मी लहानपणी सगळ्याच शेजाऱ्यांना घाबरायचे. गेझिमने ही गोष्ट सांगितली तेव्हा मी रडले होते, मामा. आपल्या आजोबांचं कुणीतरी भलं केलं होतं, हे मला पहिल्यांदाच कळत होतं. म्हणून तर आईला नेलं. तिला बरं वाटेल म्हणून.

आणि ती सगळ्यांसमोर किंचाळली. मला ते तिथे, त्या क्षणी, परक्यांच्या देखत कळलं. काय भाषांतर करणार होते मी? जे सुचलं ते बोलले. ते चुकलं, पण इतकी वर्षं गप्प बसून मला तिथे उभं कुणी केलं?

आई म्हणते ते खरं आहे का? तुम्ही कोर्टात होतात. मला सरळ सांगा.

उत्तर रागाचं असलं तरी चालेल, पण पाठवा.

तुमची
वाल्बोना


करारा, २ मे

चि. वाल्बोना हिस,
आशीर्वाद.

खरं आहे. मी तेव्हा सतरा वर्षांचा होतो आणि मागच्या बाकावर आईशेजारी बसलो होतो. चेमालने नवा शर्ट घातला होता. त्याला विचारलं, आरोपीने ते गाणं चुकून वाजवलं की मुद्दाम. तो म्हणाला, मुद्दाम, आणि वाजवून झाल्यावर पुन्हा वाजवलं. खरं म्हणजे पुन्हा वाजव असा आग्रह त्यानेच केला होता. मी तिथेच होतो, मीच दोघांना राकी ओतत होतो. कोर्टात बाबा त्याच्याकडे बघत होते, पण त्यांनी हे सांगितलं नाही. मित्राला आत ओढायचं नाही म्हणून गप्प बसले असावेत. त्यांच्या त्या चांगुलपणाचा मला अजून राग येतो.

पुढे हद्दपार होऊन आम्ही लुश्न्याच्या दलदलीत चौदा वर्षं चिखल तुडवला. तिथे नाव घेतलं की दुसऱ्या दिवशी ते वर पोचायचं. तुझी आई तिथे वाढली. तिची जीभ तिथे बांधली गेली, ती तू सोडवायला हवी होतीस, दोष द्यायला नको होतास.

आता तुला माहीत आहे. पुढच्या वेळी त्या अंगणात उभी राहशील तेव्हा काय बोलायचं ते तूच ठरव. जे बोलशील त्यावरून तू कुणाची नात ते मला कळेल.

रागावलो आहे, तरी मामाच आहे.

रेशात


तिराना, २१ मे

ति. दादास,
सानियेचा सा. न. वि. वि.

तू पोरीला काय लिहिलंस ते तिने दाखवलं नाही. पण पत्र आल्यावर दोन रात्री तिच्या खोलीतून येरझाऱ्यांचा आवाज येत होता. मग काल सकाळी म्हणाली, आई, चप्पल घाल, चल. मी नको म्हणत होते. तिने माझा हात सोडला नाही.

अंगणात तिने सगळं सांगितलं. चेमालचं नाव घेऊन, नव्या शर्टासकट. आणि हे माझ्यासाठी आपल्या भाषेत आधी, पाहुण्यांना नंतर. गेझिम काउंटरमागे उभा होता. मला वाटलं, आता हाकलेल. तो बाहेर आला. म्हणाला, माझ्या बापाने मरेपर्यंत मला वेगळंच सांगितलं, मी तेच धरून बसलो, कारण ते सोपं होतं. मग मी बसले होते त्या खुर्चीसमोर येऊन उभा राहिला. तुमच्या वडिलांचं, म्हणताना त्याचा आवाज फुटला. थांबला, छातीवर हात धरला, आणि म्हणाला, तुमच्या वडिलांचं आम्ही जे केलं त्याची मी माफी मागतो.

दादा, इतक्या वर्षांत हे शब्द आपल्याला कुणीही म्हणालं नव्हतं. सरकार नाही, कोर्ट नाही, तो वकील तर नाहीच. आईने हे ऐकायला हवं होतं. मी त्याच्या हातात हात दिला. त्याचा हात गार पडला होता. मी म्हणाले, तुझ्या बापाचं ओझं तू वाहू नकोस.

क्लॅरिनेट त्याने पेटीतून काढून माझ्या मांडीवर ठेवली. आत्ता समोर टेबलावर आहे. वाल्बोनाने रात्री माझ्या केसांना तेल लावलं, आणि आम्ही दोघी उगाचच हसत बसलो.

तुला हे सगळं समोर बसून सांगायचं होतं. तोवर हे कागद जपून ठेव आणि मलाही.

तुझी
सानिये


तिराना, १२ जून

ति. दादास,
सानियेचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र मिळालं. तू वाचून खूप रडलास असं वहिनींनी खाली दोन ओळींत लिहिलंय. जुलैत येतो म्हणतोस, गेझिमला भेटतो म्हणतोस. त्याआधी हे वाच.

परवा शनिवारी मी एकटीच तिकडून गेले. आता लांबून वळसा घालायचं कारण उरलं नव्हतं ना. म्हटलं, पोरगी काम करत असेल, फाटकातून बघावं. पाहुणे उभे होते, पूर्वीपेक्षा दुप्पट. वाल्बोना इंग्रजीत सांगत होती, पण तिच्या हातवाऱ्यांवरून मला कळत होतं, नवा शर्ट, राकी, खाण. मग गेझिम बाहेर आला. एका रिकाम्या खुर्चीसमोर उभा राहिला आणि बोलू लागला. त्यांच्या वडिलांचं, म्हणताना त्याचा आवाज फुटला. त्याच शब्दाला. थांबला. छातीवर हात ठेवला. वाल्बोना भाषांतर करता करता त्याच ठिकाणी थांबली, खाली बघत, त्याचा आवाज सावरेपर्यंत. तिला बरोबर ठाऊक होतं किती थांबायचं. दोन बायका रडत होत्या. मग टाळ्या, आणि मग सगळ्यांनी कॉफी मागवली.

तिने मला फाटकात पाहिलं. थांबली नाही.

रात्री तीच बोलली. म्हणाली, आई, तो आता खरं सांगतो ना? खरं काय एकदाच सांगायचं असतं? फेऱ्या चालवणाऱ्या आमच्या मालकांनाही आवडलंय, आणखी फेऱ्या लावतायत. तुला हवं होतं तेच तर झालं. दादा, तिचं म्हणणं चूक आहे असं मला धडपणे म्हणता येत नाही. फक्त ती ज्या ठिकाणी थांबली ते माझ्या डोळ्यांपुढून जात नाही.

आज सकाळी गेझिमचा निरोप आला. शनिवारी येऊन त्या खुर्चीवर बसाल का, काही बोलायचं नाही, फक्त हात पुढे करायचा. वाल्बोनाने निरोप सांगितला आणि खिडकीकडे बघत म्हणाली, मी काही आग्रह करत नाही.

मी नाही म्हणून कळवलं. पण पहिल्या दिवशी मी त्याला मनापासून माफ केलं होतं, आणि ती माफी आता त्याच्याकडे आहे. तो तिचं काय करेल त्यावर माझा हक्क उरलेला नाही.

तेव्हा तू येऊ नकोस. तुला काही ऐकू येणार नाही, फक्त समोरच्या माणसाचे भरलेले डोळे दिसतील. तो हात पुढे करेल. तू माझ्यापेक्षा मऊ आहेस दादा, तू हात देशील.

मीच ऑगस्टमध्ये बोटीने तुझ्याकडे येते. एकटीच. दारात उभा राहा.

तुझी
सानिये