ओळीनं बसलेले ठिपके

धाराशिव, बुधवार. घटस्थापनेला दोन दिवस.

सकाळी कुंडीतल्या फर्नचं पान उलटून पाहिलं तर खाली तपकिरी ठिपके. कामाच्या कौसाबाई दसरा काढायला, नवरात्राआधी घरातलं सगळं धुऊन काढायला आल्या होत्या. धुण्याआधी गोधड्या त्यांनी कुंडीशेजारीच झटकल्या होत्या. मी फटकन म्हणाले, "तुमच्या झटकण्यानंच कीड लागली."

त्या आधी हसल्या. "ताई, कीड कुठं अशी ओळीनं बसती व्हय? पेरल्यावानी दिसतंय."

मी ऐकलंच नाही. सगळी पानं कापली. ती त्यांनीच लांब नेऊन टाकली, आणि आल्यावर हात साबणानं दोनदा धुतले.

संध्याकाळी रोपवाटिकेतल्या माणसाला कापण्याआधी काढलेला फोटो दाखवला. तो म्हणाला, "मॅडम, ही कीड नाही, फर्नचे बीजाणू आहेत, म्हणजे त्याचं बीच. झाड चांगलं पोसलं की येतं."

पेरल्यावानी. जन्मभर पेरणी केलेली बाई सांगत होती. का नाही ऐकलं मी? गोधड्या तर माझ्याच घरच्या होत्या, तरी कीड मला त्यांच्या हातात दिसली.

परतताना कौसाबाई वाटेत भेटल्या. "झाड वाचंल ना ओ ताई?"

"वाचेल," एवढंच म्हणाले. आणि ठिपक्यांचं न सांगताच पुढं निघाले.

उद्या दारातच सांगायचं. कौसाबाई कुंडीला वळसा घालून आत जायच्या आधी.