मागबोलीत आई

बाबा, परवा आईला मागबोलीच्या घळीत नेऊन आणलं. शहात्तरावं चालू आहे तिला, पण आता पंचायतीने पर्यटकांसाठी वरच्या कातळाच्या सड्यावरून खाली समुद्रापर्यंत चिऱ्याच्या पायऱ्या बांधल्यात, एका बाजूला कठडाही लावलाय. आपण ज्या कपारींना धरून उतरायचो त्या करवंदीच्या जाळीत बुजून गेल्या. शेजारच्या मुलीने आईला मोबाइलवर व्हिडिओ दाखवला होता. शहरातली माणसं घळीत उभी राहून बोलायला जातात, त्यांची जीभ अडकते आणि ती पोट धरून हसतात. तो बघितल्यापासून ती माझ्या मागेच लागली. "मला ने गो एकदा. जन्म ह्या नाटे गावात गेला आणि ती घळ बघितली नाही मी."

घळ तशी लहान, दहा-बारा माणसं मावतील एवढीच. सुकती असली, पाणी ओसरलेलं असलं, तरच आत जाता येतं. तिथे बोललेला शब्द कातळात कुठून कुठून फिरून, किंचित उशिराने, आपल्याच पाठीमागून कानात येतो. तोवर आपण पुढच्या शब्दावर गेलेले असतो. त्यामुळे घडाघडा बोलणारा माणूस तिथे हटकून गडबडतो. लहानपणी गावातली मोठी माणसं सांगायची, मागबोली भल्याभल्यांची बोलती बंद करते. तिचा उलटा गुण माहीत होता तो फक्त तुम्हाला, आणि पुढे मला.

मी सातवीत होते. वर्गात धडा वाचताना पहिल्याच अक्षरावर अडकले आणि मागच्या बाकावरून कोणीतरी म्हणालं, "मेकॅनिकची पोर, पण हिचंच इंजिन सुरू होत नाही." अख्खा वर्ग हसला. मी दप्तर तिथेच टाकून जेटीवरच्या तुमच्या शेडमध्ये पळत आले. तुम्ही एका होडीचं इंजिन उघडून बसला होतात. मी रडत रडत, अडकत अडकत सगळं सांगितलं. तुम्ही माझ्याकडे बघितलंत, ओठ हलले, मानेची शीर फुगली आणि तोंडातून एवढंच आलं, "ग... गप्प..." पुढे काही नाही. हातातला पाना खाली टाकलात. मला वाटलं, तुम्ही मलाच दटावताय. तेवढं कोणाचंच लागलं नव्हतं, वर्गाचंसुद्धा नाही.

मग तुम्ही रॉकेलने हात धुतलेत, माझा हात धरलात आणि सडा ओलांडून मला खाली घेऊन गेलात. वाटेत एक शब्द नाही. त्याचं मला नवल नव्हतं. तुम्ही घरातही मानेने हो-नाही सांगणारे. गाव तुम्हाला शिष्ट समजायचं आणि मी घाबरायची. घळीत शिरल्यावर तुम्ही पाठ कातळाला टेकवून बसलात आणि बोललात.

"मघाशी मला गप्प बस म्हणायचं नव्हतं, बाय. गप्पा मारायला जाऊ, असं म्हणायचं होतं. तिथेच अडकलो."

एका दमात, न थांबता. मी तुमच्या तोंडाकडे बघतच राहिले. तोवर तुमचा आवाज मी कधी सलग ऐकलाच नव्हता. तो जरा घोगरा होता, आणि गमतीदार. तुम्ही सांगितलंत की तुम्हीही माझ्यासारखेच अडखळणारे, लहानपणी आजोबांनी त्यापायी मारलेलं, पुढे बोलणंच सोडून दिलेलं. खेकडे पकडायला आला होतात तेव्हा ही जागा सापडली. आईला बघायला गेलात तेव्हा मुलगी पसंत आहे हे सांगता येईना, म्हणून तीन वेळा चहा मागून घेतलात, तेही सांगितलंत. मी हसले, ते हसू मागून परत आलं आणि आपण दोघं आणखी हसलो. मग म्हणालात, "आता तू बोल." आणि मी बोलले. मागून येणाऱ्या स्वतःच्या आवाजाला धरून धरून, वाचायचा राहिलेला धडा सगळा म्हणून दाखवला.

त्यानंतर चार वर्षं, रविवारी दुपारची सुकती असली की आपण जायचो. हळूहळू मला तो मागचा आवाज बाहेरही मनात ऐकता यायला लागला. आज दापोलीला पन्नास पन्नास शेतकऱ्यांसमोर उभी राहून मी काजूची कलमं बांधायला शिकवते, ती त्याच्या जोरावर. तुम्हाला मात्र बाहेर ते कधी जमलं नाही.

परवा आई आत शिरली ती बोलतच. तुम्हाला तर ठाऊक आहे, ती झोपेतसुद्धा गप्प नसते. "अगोबाई, केवढं गार..." एवढं म्हणाली आणि थांबली. पुन्हा सुरुवात केलीन, पुन्हा अडली. "का... काय हे..." तिसऱ्यांदा तोंड उघडलंन आणि मिटलंन. मी हसणार होते, पण तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. ती माझा दंड धरून मला बाहेर घेऊन आली, वाळूवर बसली आणि मग म्हणाली, "ह्यांना रोज असं व्हायचं?"

मी हो म्हटलं. मग तिला सगळं सांगितलं. इथे तुम्ही कसे बोलायचात, काय काय बोलायचात, ते तीन वेळचे चहा. ते ऐकताना हसली. "मी ह्यांना घुम्या म्हणायची गो. तोंडावर म्हणायची." मग विचारलंन, "तुला आणायचे. मला एकदा तरी का नाही आणलंनी?"

मी म्हटलं, "तेव्हा पायऱ्या नव्हत्या ना. त्यांच्या डोक्यातच आलं नसेल." ती वाळू झटकून उठली. पायऱ्या चढताना मात्र तिने माझा हात घेतला नाही.

बाबा, तुमच्या डोक्यात आलं होतं. मी दहावीत असताना तुम्ही म्हणाला होतात, "पुढच्या सुकतीला तिलाही आणू. तिने माझं बोलणं एकदा ऐकायला हवं." आणि मी म्हटलं होतं, तिला खडक झेपायचे नाहीत, शिवाय ती गावभर सांगत सुटेल. तुम्ही "बरं" म्हणालात, आणि तो विषय पुन्हा काढला नाहीत. खडक तिला सहज झेपले असते. ती तेव्हा डोक्यावर माशांची पाटी घेऊन राजापूरची एसटी पळत जाऊन पकडायची. मला तुमचा तो आवाज कोणाला द्यायचा नव्हता, एवढंच. मग मी शिकायला दापोलीला गेले आणि दुसऱ्याच पावसाळ्यात तुम्ही शेडमध्ये कोसळलात, ते पुन्हा उठलाच नाहीत.

आत्ता दुपारी ती ओटीवर येऊन विचारून गेली, "कोणाला गो एवढं लिहितेस?" ऑफिसचं काम आहे, असं मी तिला सांगितलं.