सलग तीन बाजार

बुधवार, ४ फेब्रुवारी. दुपारी ३.
बाजार अर्धवट टाकून घरी आलो. कमिटीचा सेक्रेटरी सगळ्यांदेखत म्हणाला, स्टूल हातभर मागे घ्या, वाट अडतेय. हे मला. वीस वर्षं त्याच कोपऱ्यात बसून लोकांच्या कुकरच्या रिंगा बदलतोय मी. शेजारची कांदेवाली तर चक्क हसली.
निर्णय: बहिष्कार. कुकर गळायला लागले की झक मारत येतील बोलवायला. बायकोचं म्हणणं, सलग तीन बाजार जागा रिकामी दिसली की कमिटी ती दुसऱ्याला देते. असले नियम नवख्यांसाठी असतात.

बुधवार, ११ फेब्रुवारी.
पहिला बाजार बुडवला. दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला, ओसरीत बसलो. सेक्रेटरी आला तर लगेच हो म्हणायचं नाही. चहा होईपर्यंत ताणायचं.
चहा चार वेळा झाला. चारही मीच प्यायलो.

बुधवार, १८ फेब्रुवारी.
दुसरा. दारात पाववाला. सहज विचारलं, बाजारात काय चर्चा? म्हणाला, कसली? मग म्हणाला, अरे, तुम्ही आज बसला नाहीत होय? दोन आठवडे झाले, हे त्याला सांगितलं नाही. पाव शिळे होते.

मंगळवार, २४ फेब्रुवारी. सकाळ.
झोप नाही. जागा गेली तर बुधवारी उठून मी करणार काय? दुसरं काही येत नाही मला. भीती वाटते, खरंच वाटते.
पण स्वतःहून जाणं म्हणजे नाक घासणं. मधला मार्ग: उद्या नुसतं फिरायला जायचं. हत्यारांची पिशवी आपली अशीच खांद्याला.

बुधवार, २५ फेब्रुवारी. सकाळी ९.
पिशवी सापडत नाही. विचारावं तर बायकोचाही पत्ता नाही.

दुपारी १.
गेलो. माझ्या कोपऱ्यात बायको. मांडीवर कुणाचंतरी झाकण, पुढे सात बायकांची रांग. जागा वाचवली तिनं. डोळे भरून आले, कबूल करतो. पुढे होऊन म्हटलं, ऊठ, आलोय मी.
तिनं वर पाहिलं, पण पहिल्या नंबरची बाई मध्येच म्हणाली, नको हो ताई, तुम्हीच बसवा. आधी कोणीतरी बसायचा इथे, त्यानं बसवलेली रिंग आठवडाभरसुद्धा टिकायची नाही.
बायकोनं मान खाली घातली आणि रिंग बसवायला घेतली. मी जाऊन रांगेत मागे उभा राहिलो. आठवा.