हरभऱ्याच्या ट्रॉलीतली वाळू

३० सप्टेंबर २००८

भूकंपाला पंधरा वर्षं झाली. परिपाठाला पोरांना दोन मिनिटं उभं केलं. एकालाही तो माहीत नाही! मला मात्र त्या सालचे पंचनामे आठवले. पडलेल्या घरांची रांग, आणि तलाठी कोरे कागद घेऊन पुढ्यात — "गुरुजी, पंच म्हनून सही ठोका, बाकीचं आमी भरताव." ठोकल्या. शंभर-दीडशे तरी असतील. लोकांना पत्रे लवकर मिळाले. त्यात वाईट काय झालं?

आज मधल्या सुट्टीत नवा तलाठी आला होता. त्यालाही पाच-सहा कागदांवर उभ्या उभ्या सह्या दिल्या. पिकांचे पंचनामे असणार, दुसरं काय. तेवढ्यात खिचडी करपल्याचा वास आला, तिकडे पळालो.

१२ ऑक्टोबर

पुनमचा फोन. रडत होती. काल हरिओमचा — माझ्या मेहुण्याचा — ट्रॅक्टर तहसीलवाल्यांनी उचलून नेला. म्हणे वाळूचोरी! बॉनेटवर दसऱ्याचा हार अजून तसाच होता. "दादा, ट्रालीत मी सोता बसलेले व्हते. हरभऱ्याचं बी हाय म्हणून वरडले, तर कुनी ऐकना."

हरिओम काही धुतल्या तांदळासारखा नाही. मागे तेरणा नदीतून वाळूच्या दोन-चार खेपा मारल्या असतील, मी कधी विचारलं नाही. पण काल ट्रॉलीत दोन पोती बियाणं होतं आणि माझी बहीण होती.

१४ ऑक्टोबर

तहसील. साहेब दौऱ्यावर.

१७ ऑक्टोबर

साहेब होते. म्हणे फाईल प्रांतांकडे गेली. प्रांतांचा कारकून म्हणतो, आलीच नाही! मग ती काय वाटेत चहा पीत बसली?

२२ ऑक्टोबर

रजा टाकून तिसरी चक्कर. फाईल सापडली. टेबलावरच्या बाईंनी पंचनामा लांबूनच वाचून दाखवला — नदीपात्रात, एक ब्रास वाळूसह, दोन पंचांसमक्ष ताब्यात घेतला. वाळू जागेवरच खाली करून घेतली. वा रे वा! पंचांची नावं विचारली तर फाईल मिटली. "नकलेचा अर्ज करा." केला.

मागे बाभळीखाली ट्रॅक्टर उभा आहे. हार वाळून काडी झालाय. बॅटरी कुणीतरी काढून नेली. अशी चीड आली! कुणावर काढायची तेही कळेना, एसटीत कंडक्टरशी उगीच भांडलो.

२५ ऑक्टोबर

लातूरला गेलो. उर्वी, पुनमची लेक, बारावीला आहे, इथेच क्लासला. एका खोलीत चौघी पोरी. म्हणाली, "मामा, बाबा म्हणाले, ट्रॅक्टर नाही सुटला तर दिवाळीनंतर लातूर बंद." तिचं क्लास-खोली सगळं त्या ट्रॅक्टरवर. पेरणीचे हे पंधरा-वीस दिवस हातचे गेले की वर्ष गेलं. पोरगी रडली नाही, गणित सोडवता सोडवता बोलली. मला तेच जास्त लागलं.

तिथून विरूपाक्ष वकिलांकडे. तंबाखू मळत म्हणाले, "गुरुजी, एक पंच फुटला की गाडी सुटली समजा. 'मी जाग्यावर नव्हतो' एवढंच लिहून द्यायचं. पन देतंय कोन? सरकारी नोकर आसला तर नोकरीवर येतंय की त्याच्या."

नोकरी गेली तर जाऊ दे त्याची! त्या हरामखोराला मी शोधून काढणार.

३० ऑक्टोबर, भाऊबीज

पुनमने ओवाळलं. करंजीचा घास भरवता भरवता म्हणाली, "ज्यानं न बघता सही केली ना दादा, त्याचा हात झडंल बघ." झडलाच पाहिजे, मी म्हणालो.

हरिओम ओट्यावर बसून होता. समोरचं रान दुसऱ्याच्या ट्रॅक्टरने पेरलं जात होतं, ते बघत. मला चहासुद्धा विचारला नाही त्याने.

४ नोव्हेंबर

नक्कल मिळाली.

पंच क्रमांक एक — मी. वरचं सगळं तलाठ्याच्या अक्षरात, खाली माझी सही. पुनम माझी बहीण हे त्या बापड्याला कुठून कळणार, आडनावच वेगळं.

स्टँडवर तासभर बसून राहिलो. दोन गाड्या सोडल्या. पुनमचा फोन दोनदा वाजला. तिसऱ्यांदा उचलला. "कोन निघाला रे पंच?" सांगितलं. तिने फोन ठेवला नाही.

विरूपाक्ष वकिलांना द्यायचं ते मीच लिहिलं — मी जागेवर नव्हतो, कागद कोरा होता. सही करण्याआधी चारदा वाचलं.