रिकामी ठेवलेली कडवी

३ मार्च

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

फोन सोडून पत्र लिहितेय म्हणून घाबरू नकोस. फोनवर बाबा तुझ्या शेजारी असतात, आणि हे त्यांच्याबद्दलच आहे.

माझा नवा अल्बम ठरला. त्यात माझं एकही गाणं नाही! इतकी वर्षं ‘माझे शब्द, माझी चाल’ म्हणून मिरवणाऱ्या मला आता खुशाल हस. बाबा शिवणाच्या मशीनवर बसून गायचे, ती जुनी गाणी घेतली आहेत. ऑपरेशनमध्ये त्यांचा आवाज गेल्यापासून ते घरात रेडिओही लावू देत नाहीत, असं तू कळवलंस ना, तेव्हापासून मला स्वतःचं काही सुचलेलं नाही. लिहायला बसलं की त्यांचीच गाणी ओठांवर येतात.

परवा मात्र फजिती झाली. की-बोर्डवाल्याने विचारलं, की शेवटचं कडवं कधी घ्यायचं. मी ठसक्यात सांगितलं, की या गाण्याला दोनच कडवी आहेत. त्याने मुकाट्याने जुनी रेकॉर्ड लावली. कडवं होतं. मग एकेक करून सगळी गाणी ऐकली, तर प्रत्येकालाच होतं! सगळे हसले, मीही हसले. बाबांनी सगळीच गाणी अर्धवट का ठेवली? आडून आडून विचारशील?

तुझी,
भिंगरी

११ मार्च

चि. भिंगरीस,
अ. आ.

पत्र पोचलं. अक्षर अजून कोंबडीचे पाय, बाकी मजकूर कळला.

दादाला विचारायची गरज नाही. शेवटचं कडवं तुझ्या आईचं होतं. दादा पुढच्या खोलीत मशीनवर, वहिनी आत ओट्यापाशी. दुसरं कडवं झालं की तो गप्प व्हायचा, नुसते पाय चालू ठेवायचा, आणि आतून तिचा आवाज यायचा. मी शेजारी भाजी चिरत असायचे, पण मला तोंड उघडायची परवानगी नव्हती. दादा मला फुटका भोंगा म्हणायचा. वहिनी गेली तेव्हा तू रांगत होतीस. त्यानंतरही तो तिथेच थांबत राहिला. कडव्याएवढा वेळ मशीन एकटंच चालायचं. तुला वाटायचं, गाणं संपलं.

अल्बमचं मी त्याला सांगितलं. त्याने पाटीवर ‘नको’ लिहिलं आणि लगेच पुसलं. कारण विचारलं तर लिहिलं, की पोरीने आपलं गावं, माझं गेलं ते जाऊ दे. मग पाठ फिरवून बसला. हट्टी आहे, तुझ्यासारखाच.

आता पुढचं शांतपणे वाच. डॉक्टरांनी या वेळी पथ्य सांगितलं नाही. म्हणाले, आवडेल ते द्या. यावरून काय ते समज, आणि हात चालव.

माया आहेच. जेवत जा वेळेवर.
तुझी,
आत्या

२९ मार्च

ती. आत्यास,
सा. न.

तुझं पत्र स्टुडिओच्या जिन्यात बसून वाचलं. बराच वेळ वर जाता आलं नाही.

शेवटची कडवी गाऊन पाहिली. सूर लागला, चूक काही नव्हती, पण ऐकताना वाटलं, मी आईच्या चपला घालून घरभर फिरतेय. पुसून टाकली. त्या जागी आता कुणीच गात नाही. कडवंभर नुसता ताल चालतो, मशीनसारखा. निर्मात्याचं म्हणणं, लोकांना वाटेल गायिका विसरली. वाटू दे.

सीडी सोबत आहे. बाबा नको म्हणाले तर आग्रह करू नकोस, कपाटात ठेव. पण त्यांनी एकदा ऐकावं, एवढ्यासाठीच हे सगळं केलंय गं. उरलेलं काम संपवून पुढच्या शनिवारी येते.

सांभाळ, त्यांना आणि स्वतःलाही.
तुझी,
भिंगरी

२० एप्रिल

चि. भिंगरीस,
अ. आ.

तू शनिवारी पोचलीस आणि दादा शुक्रवारीच गेला, हे मनातून जात नाही. त्या गर्दीत तू एकच विचारलंस, की त्यांनी ऐकलं का. मी नुसती होकाराची मान डोलावली. तोंड उघडलं असतं तर रडूच फुटलं असतं. आज सांगते.

सीडी आली तेव्हा त्याने पाकिटाकडे पाहिलंसुद्धा नाही. गुरुवारी सकाळी मात्र पाटीवर लिहिलं, लाव. पहिल्या गाण्याला भिंतीकडे तोंड करून पडला होता. दुसरं कडवं संपून तू थांबलीस, ताल एकटाच चालू राहिला, तसा तो वळला. पांघरुणाखाली त्याचे पाय हलत होते, मशीनवर हलायचे तसे. गाणं संपल्यावर त्याने माझा दंड धरला आणि लिहिलं, पुढचं तू म्हण.

मी! मिशनच्या शाळेत गाणं शिकवणाऱ्या सिस्टरनी मला मागच्या रांगेत उभं करून बजावलं होतं, की तू नुसते ओठ हलव, आवाज काढू नकोस. पण वहिनीचे शब्द मला पाठ होते. पुढच्या गाण्यात रिकामी जागा आली आणि मी म्हटलं. सूर कुठल्या कुठे! शेजारीण दारातून डोकावून गेली. दादा खांदे हलवून हसला आणि हाताने खूण केली, की थांबू नकोस. मग एकही जागा मी सोडली नाही. शेवटच्या गाण्याला पाहिलं, तर तोही माझ्याबरोबर कडवं म्हणत होता. नुसते ओठ हलत होते, आवाज माझा होता.

अल्बममधल्या त्या जागा भरू नकोस, कुणी काहीही म्हणो. ऐकणाऱ्यांच्या घरीही कुणीतरी असेल.

इथे पुढची खोली फार शांत आहे. जमेल तेव्हा ये, आणि तोवर या बेसूर म्हातारीवरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी,
आत्या