उघड्या बोटांनी

३ मार्च
लागली एकदाची नोकरी! जुन्या फिल्म जपणाऱ्या संस्थेत, तपासून सांधायचं काम. मावशीचं घर हाकेच्या अंतरावर, त्यामुळे राहण्याजेवण्याची चिंता मिटली. खोलीत खालून उजेड येणाऱ्या काचेचं लांब टेबल आहे आणि व्हिनेगरसारखा आंबट वास. माझ्या वाट्याला एकाच माणसाचे मूक लघुपट आलेत. या गृहस्थाने कॅमेरा कधी हातात धरलाच नाही. कोऱ्या फिल्मवर सुईने ओरखडे काढायचा, पतंगांचे पंख चिकटवायचा, मुद्दाम बुरशी चढू द्यायचा. पडद्यावर ते सगळं थरथरतं, श्वास घेतं. मी खुळ्यासारखी बघत बसले.

६ मार्च
त्या गृहस्थांची धाकटी बहीण त्यांच्या फिल्मचा शेवटचा डबा देऊन गेली. हातमोज्यांशिवाय शिवू नका, म्हणाली. स्वतःचे मोजे तर तिने एवढ्या उकाड्यातही काढले नाहीत. भाऊ कशाने वारले, असं मी विचारलं.
"दादा वारला नाही हो. सरला."
दुःखाने बोलतेय बिचारी, असं वाटलं.

९ मार्च
शेवटच्या डब्यातल्या पट्टीवर नुसताच धुरकट थर आहे. मोज्यांतून फाटकी कड कळेना, म्हणून काढून ठेवले. पट्टी कोमट लागली. जराशी चिकटही.

१० मार्च
हजेरीचं यंत्र माझा अंगठा घेईना. शिपाईकाका म्हणाले, ताई, एवढं शिकून तुम्ही साध्या अंगठाबहाद्दरही उरला नाहीत! मीही हसले. मग टेबलाच्या उजेडात बोटं पाहिली. गुळगुळीत. एक रेघ नाही.
रेघा पट्टीवर आहेत. चौकटीमागून चौकट.

१२ मार्च
मावशी विचारते, भुवया इतक्या कुठे कोरून आलीस? मी कुठेच गेले नव्हते. डब्याला कुलूप होतं. उघडला, तर थरात बारीक काळे केस.

१३ मार्च
बहिणीकडे गेले. तिने मोजे काढले. बोटं पहिल्या पेरापर्यंतच. म्हणाली, दादाला ओढून सोडवायला गेले होते. एकदाच.

१४ मार्च
सकाळीच पट्टी जाळायला आले. उचलली, ती डाव्या हातातून सुटत नाही. उजव्याने लिहितेय. चौकटीत आता तोंड दिसतंय — माझं — उघडं — आणि इथे घशातून आवाजच —

मावशी दारात. मला शोधत आलीय. रडतेय. मी नको-नको अशी मान हलवते, तिला कळत नाही. माझा हात सोडवायला पुढे —
वही धरते तिच्यासमोर — वाच — मावशी, पट्टीला हात लाव—