जित्तेपणी फ्रेममदी

केराबाईच्या चुलीला आता नवस बोलायचा तेवढा राहिलाय! सकाळपासनं निम्मं गाव "हीच का ती सिनेमातली चूल" म्हणून बघून गेलं, अन केराबाई, ती माझी धाकटी जाऊ, दारात पदर सावरत उभी. जन्मात कदी पदर सावरला न्हाय तिनं.

असो. चि. उत्कर्षाला सांगोल्याहून आजीचा आशीर्वाद. कॅमेरा उचलून हात दुखत असत्याल तर तिळाचं तेल लाव. माझी तब्येत विचारू नको. विचारायची असती तर आली हुतीस तवाच विचारली असतीस.

पोरी, तू पुण्याहून वीज, धूर, ऊन, हवामान असल्या गोष्टींवर फिल्म काढाया आलीस, मला लई अभिमान वाटला. पेटीतलं इरकली लुगडं नेसून, पावडर लावून मी पहाटंपासनं ओट्यावर बसले (उन्हानं पावडरीचं पिठलं झालं, ते सोड). तू आत आलीस, माझी गॅसची शेगडी बघितलीस अन तोंड पाडलंस. "आजी, मला धूर पाहिजे गं!" म्हणलीस अन गेलीस केराबाईकडं. अगं, चुलीपुढं जलम गेला माझा. गॅस आला तवा तुझ्याच आईनं मागं लागून माझी चूल फोडाया लावली. केराबाईनं तिची ठेवली, ती काय शहाणपणानं? चिकटपणानं! त्या चुलीवर ती नुसतं अंघोळीचं पाणी तापवती, भाकरी गॅसवरच करती. अन तुमच्यापुढं खोकली कशी! तो खोकला माझा हाय. भिंतीपल्याडनं ऐकून ऐकून उचलला तिनं.

वर तू विचारलंस, हवामान बदलावर तुमी काय करता? तर म्हणती, लेकीकडं मिरजेला जाते, तेवढीच हवा बदलती. अन तुमी सगळी खूश! खरं काय ते सांगाया मी मधी आले, तर मेल्या मांजरावाणी झुपका काठीला बांधून आवाज धरत हिंडणाऱ्या त्या तुझ्यासंगच्या पोरानं मला "श्शू" केलं (मला! कोंबडी हाकलत्यात तसं), अन तू म्हणलीस, "आजी, जरा फ्रेमच्या भाईर हो की."

फ्रेममदी माणूस मेल्यावर जातंय, हार घालून, एवढं मला कळतं. जित्तेपणी तू मला तितनं बी हाकललंस.

माझा राग न्हाय. केराबाईचं चांगलं झालं, माझ्या पोटात काय दुखत न्हाय. दुखतंय ते पित्त हाय.

तुझी, अजून हार न घातलेली,
आजी बजाबाई

ता. क. परड्यात नवी चूल घातलीय. केराबाईच्या चुलीच्या दुप्पट धूर करती. परत ये. तिचा खोकला काप, माझा चिकटव.

आणिक ता. क. गॅस दिसला की तू पुन्ना तोंड पाडशील, म्हणून शेगडी अन टाकी केराबाईच्या घरी ठेवली. आता ती दोन-दोन शेगड्यांवर चहा करती, अन मी फुंकणी घेऊन डोळं पुसते. परत मागायची म्हंजी तिच्यापुढं मान खाली घालायची, ती मी घालणार न्हाय. तू ये अन तू माग. मेल्यावर फ्रेममदी घालशीलच, जित्ती हाय तंवर बी घाल, न्हायतर ह्या धुरानं दोन्ही कामं एकदमच व्हत्याल. उत्तर तूच लिवायचं, तुझ्या हातानं. झुपकेवाल्यानं लिवलं तर "श्शू" करून माघारी धाडीन.